अल्पसंख्याक संस्थेच्या शाळेत शिक्षक म्हणून लागताना: जाहिरातीपासून पहिल्या पगारापर्यंत

"आमची अल्पसंख्याक संस्था आहे, आम्हाला झेडपीचं काही विचारावं लागत नाही." अकोला-बुलढाण्यापासून गडचिरोलीपर्यंत डी.एड., बी.एड. करून बसलेल्या मुलामुलींना हे वाक्य हमखास ऐकायला मिळतं. ते अर्धं खरं आहे. संविधानाच्या अनुच्छेद ३० (१) प्रमाणे धार्मिक आणि भाषिक अल्पसंख्याकांना शाळा काढण्याचा व चालवण्याचा हक्क आहे आणि शिक्षक निवडणं हा त्या चालवण्याचाच भाग. पण शाळा अनुदानित असेल तर पगार शासनाच्या तिजोरीतून येतो, आणि तिजोरीचं दार शिक्षणाधिकाऱ्यांच्या मान्यतेशिवाय उघडत नाही. माणूस संस्थेने निवडायचा, कागद शासनाच्या नियमाने जुळवायचा. या दोन गोष्टींची गल्लत झाली की शिक्षक पाच-पाच वर्षं बिनपगारी शिकवत राहतो.

हा लेख मुख्यतः विदर्भात नव्याने लागणाऱ्या शिक्षकासाठी आहे. पहिल्यांदाच सचिव झालेल्यांनाही उपयोगी पडेल.

१. शाळेचा दर्जा कागदावर बघा

उर्दू माध्यम म्हणजे अल्पसंख्याक शाळा, हा सगळ्यात मोठा गैरसमज. जिल्हा परिषदेची उर्दू शाळा ही सरकारी शाळा आहे, तिथली भरती सरकारी नियमानेच होते. उलट एखाद्या बौद्ध, जैन किंवा ख्रिस्ती संस्थेची मराठी माध्यमाची शाळा अल्पसंख्याक असू शकते. गडचिरोलीकडे बंगाली आणि तेलुगू भाषिकांच्या, गोंदियाकडे हिंदी भाषिकांच्या संस्था भाषिक अल्पसंख्याक ठरू शकतात, कारण टी.एम.ए. पै प्रकरणात (२००२) सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने अल्पसंख्याक कोण हे राज्य हा घटक धरूनच ठरवायचं, असं स्पष्ट केलं आहे.

दर्जाचा दाखला राज्याच्या अल्पसंख्याक विकास विभागाकडून मिळतो. धार्मिक अल्पसंख्याक संस्थांना तो राष्ट्रीय अल्पसंख्याक शैक्षणिक संस्था आयोगाकडूनही मिळतो. दाखल्याची झेरॉक्स मागा आणि त्यावरचं संस्थेचं नाव धर्मादाय कार्यालयाच्या पी.टी.आर. (सार्वजनिक न्यासांची नोंदवही) उताऱ्यावरच्या नावाशी अक्षरन् अक्षर जुळतं का ते बघा. "एज्युकेशन सोसायटी" आणि "शिक्षण प्रसारक मंडळ" एवढ्या फरकावरून फाईल परत आलेली असते.

पी.टी.आर. हातात असतानाच विश्वस्तांची नावंही वाचा. मुलाखत घेणारे अध्यक्ष-सचिव त्यात आहेत का? नसतील तर त्यांचा बदल अर्ज (चेंज रिपोर्ट) सहायक धर्मादाय आयुक्तांकडे मंजूर आहे की प्रलंबित, हे विचारा. संस्थेत दोन गट पडलेले असतील तर दोन्ही गट आपापली माणसं नेमतात आणि शिक्षणाधिकारी दोन्हीकडच्या फायली बाजूला ठेवतात. भांडण मिटेपर्यंत तुमचं वय निघून जातं. अशा संस्थेपासून चार हात लांब राहिलेलं बरं.

२. पद आहे का? संचमान्यता मागा

शाळेत जागा "रिकामी" असणं आणि पद मंजूर असणं, हे वेगवेगळं. दरवर्षीच्या संचमान्यतेत शाळेला किती पदं मंजूर, किती कार्यरत, किती रिक्त हे छापलेलं असतं. ती ऑनलाइन निघते आणि मुख्याध्यापकांच्या लॉगिनला दिसते. पटसंख्या आधारशी जुळलेल्या विद्यार्थ्यांवरून धरली जाते. त्यामुळे वर्गात ४५ मुलं बसतात पण आधार ३८ जणांचंच जुळलं, तर पद ३८ वर ठरतं. १५ मार्च २०२४ च्या शासन निर्णयाने निकष बदलले आणि कमी पटाच्या खेड्यातल्या शाळांना त्याचा फटका बसला. म्हणून दोन वर्षांपूर्वीची संचमान्यता दाखवली तर चालवून घेऊ नका, चालू वर्षाचीच मागा.

सहावी ते आठवीला विषयही बघावा लागतो. विज्ञान-गणित, भाषा, सामाजिक शास्त्र असे गट असतात. रिक्त पद विज्ञानाचं आणि तुम्ही इतिहासाचे, तर निवड कितीही रीतसर झाली तरी मान्यता अडकणार.

संस्था कागद दाखवत नसेल तर माहितीच्या अधिकारात शिक्षणाधिकारी कार्यालयाकडे अर्ज टाका. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लागतं आणि तीस दिवसांत उत्तर देणं बंधनकारक असतं. याच अर्जात शाळा अनुदानित, अंशतः अनुदानित (२०, ४०, ६० टक्के असे टप्पे) की स्वयंअर्थसहाय्यित, हेही विचारून घ्या. स्वयंअर्थसहाय्यित शाळेत शासनाचा पगार नाही. "पुढे अनुदानावर येईल" या शब्दावर घर चालत नाही.

३. कोणते नियम लागू, कोणते नाहीत

खाजगी शाळांसाठी मूळ कायदा म्हणजे महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ आणि त्याखालची १९८१ ची नियमावली. बोलीभाषेत एमईपीएस. अल्पसंख्याक शाळेला तो लागू नाही, असं सांगणारे संस्थाचालक त्याचं कलम ३ (२) अर्धंच वाचतात. कलम म्हणतं की अल्पसंख्याक शाळेचे मुख्याध्यापक आणि जास्तीत जास्त आणखी तीन व्यक्ती, ज्यांची नावं व्यवस्थापनाने संचालक किंवा उपसंचालकांना कळवली आहेत, त्यांच्या भरतीला कायदा लागू नाही. म्हणजे सूट फक्त भरतीपुरती, मोजक्याच माणसांना, आणि तीही नावं कळवली असतील तरच. नाव कळवल्याचं पत्रच फाईलमध्ये नसेल, तर सूट असल्याचा दावा कोरडाच. बाकी सगळ्यांना आणि बाकी सगळ्या बाबतींत कायदा लागू आहे.

मग अल्पसंख्याक संस्थेला वेगळं काय मिळतं?

बिंदुनामावली तिला लागू होत नाही. अनुदानित अल्पसंख्याक शाळेवर आरक्षणाचं रोस्टर लादता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या सिंधी एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात २०१० मध्ये सांगितलं. शासनाच्या शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलवरूनच उमेदवार घेण्याची सक्तीही या संस्थांना नाही. तिथल्या भरतीतून त्या वगळलेल्या आहेत. इतर संस्थांमधले अतिरिक्त (पद कमी झाल्याने जास्तीचे ठरलेले) शिक्षक समायोजनाने त्यांच्या माथी मारण्यावरही मर्यादा आहेत. तरी कार्यालयातून "अतिरिक्त घ्या" असं पत्र येतंच. त्याला उत्तर न देता गप्प बसणं ही संस्थांची नेहमीची चूक. दर्जाच्या दाखल्याची प्रत जोडून लेखी उत्तर द्यावं आणि पोच घ्यावी.

मुख्याध्यापक निवडताना संस्था सेवाज्येष्ठता डावलू शकते. मलंकारा सिरियन कॅथलिक कॉलेज प्रकरणात (२००६) न्यायालयाने हा हक्क मान्य केला आहे. पण पात्रता डावलता येत नाही. माध्यमिक शाळेच्या मुख्याध्यापकाला पदवी, बी.एड. आणि पदवीनंतर पाच वर्षांचा पूर्णवेळ अध्यापनाचा अनुभव लागतो आणि त्यातली किमान दोन वर्षं बी.एड. नंतरची हवीत. अध्यक्षांचा पुतण्या या मापात बसत नसेल तर त्याची मान्यता होणार नाही, आणि मुख्याध्यापकाच्या सहीविना बिल निघत नाही म्हणून अख्ख्या शाळेचा पगार थांबेल.

२०२० मध्ये पश्चिम बंगालच्या मदरशांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने शिक्षक निवडीसाठी आयोग नेमणारा राज्याचा कायदा वैध ठरवला, हेही लक्षात असू द्या. हक्क आहे म्हणून शासनाला गुणवत्तेचे नियमच करता येत नाहीत, असा अर्थ कुठल्याच निकालातून निघत नाही.

एक गोष्ट विचारायला लोक लाजतात, म्हणून सांगून टाकू. अल्पसंख्याक शाळेत त्या समाजाबाहेरचा शिक्षक चालतो. त्याला कायद्याची आडकाठी नाही.

४. पात्रता आणि टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा)

पहिली ते पाचवीला बारावी आणि डी.एड. (आताचं डी.एल.एड.), नववी-दहावीला विषयाची पदवी आणि बी.एड. माध्यम उर्दू असेल तर व्यावसायिक अर्हता त्या माध्यमातली आहे का, हे तपासलं जातं.

टीईटीबद्दल शहाणी माणसंही गोंधळलेली आहेत. राज्यात १३ फेब्रुवारी २०१३ पासून पहिली ते आठवीच्या नेमणुकीला टीईटी आवश्यक झाली. दुसरीकडे, शिक्षण हक्क कायदा अल्पसंख्याक शाळांना लागू नाही, असा प्रमती प्रकरणातला निकाल (२०१४) आहे. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अंजुमन इशात-ए-तालीम विरुद्ध महाराष्ट्र शासन या प्रकरणात सेवेतल्या शिक्षकांनाही टीईटी बंधनकारक केली. अल्पसंख्याक शाळांचा मुद्दा मात्र प्रमतीच्या फेरविचारासाठी मोठ्या पीठाकडे पाठवला आणि तो सुटेपर्यंत त्या शाळांना बाजूला ठेवलं.

याचा व्यवहारी अर्थ काय घ्यायचा? टीईटी देऊन ठेवायची. "आम्हाला लागत नाही" हे आज कोर्टात म्हणता येईल, पण टेबलावर बसलेला लिपिक टीईटी नसलेल्या फाईलवर त्रुटी काढणार आणि तुम्ही उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाच्या चकरा मारणार. पेपर एक पहिली ते पाचवीसाठी, पेपर दोन सहावी ते आठवीसाठी. १५० गुणांत ६० टक्के लागतात, राखीव प्रवर्गाला ५५. केंद्राची सीटीईटी दिली तरी चालते. २०१९ च्या टीईटीत गुण वाढवून दिल्याचं प्रकरण निघाल्यापासून प्रमाणपत्राची पडताळणी राज्य परीक्षा परिषदेकडून होते. एजंटाकडून "काम करून" घेतलेलं प्रमाणपत्र दहा वर्षांनंतरही नोकरी घालवतं.

५. जाहिरात, मुलाखत, ठराव

जाहिरातीपूर्वी संस्थेने शिक्षणाधिकाऱ्यांना रिक्त पदाचं पत्र देऊन पद भरण्याची परवानगी मागावी. दर्जा अल्पसंख्याक असला तरी मागावी. उत्तर येत नाही, तेव्हा स्मरणपत्र द्यावं. या दोन पत्रांच्या पोच पुढे फार कामी येतात.

जाहिरात जिल्ह्यात खरोखर वाचल्या जाणाऱ्या दैनिकात हवी. चार प्रती छापणाऱ्या साप्ताहिकातल्या जाहिरातीने संशयच वाढतो. पद, विषय, माध्यम, अनुदानाचा प्रकार, अर्हता आणि संस्थेचा अल्पसंख्याक दर्जा एवढं जाहिरातीत असावं. वर्तमानपत्राचं पूर्ण पान ठेवा, नुसतं कात्रण नको, कारण कात्रणावर तारीख नसते.

मुलाखतीचा गुणतक्ता, हजर उमेदवारांच्या सह्या, निवड समितीचं टिपण आणि शाळा समितीचा ठराव असा क्रम असतो. तारखा याच क्रमाने पुढे सरकल्या पाहिजेत. ठराव १० जूनचा आणि मुलाखत १२ जूनची, असं निघालं की त्याचा खुलासा देता देता नाकी नऊ येतात.

आता पैशाचं. "देणगी" हा शब्द मुलाखतीच्या खोलीबाहेर ऐकू येतोच. शेत विकून दिलेल्या त्या रकमेची पावती मिळत नाही, आणि मान्यता आली नाही तर ती परत मागायला कायद्याचा आधारही सापडत नाही. द्यायची की नाही हे कुणी तुमच्या वतीने ठरवू शकत नाही, पण वर सांगितलेली संचमान्यता आणि पी.टी.आर. न बघता दिली तर ती बुडाली असंच समजा.

६. नियुक्ती आदेश आणि रुजू होणं

आदेश नियमावलीतल्या अनुसूची 'ड' च्या नमुन्यात हवा. त्यात पद, विषय, शिक्षण सेवक (नियमित वेतनश्रेणीआधी मानधनावर काम करणारा शिक्षक) म्हणून तीन वर्षांचा कालावधी, मानधन, जावक क्रमांक आणि सचिवांची सही-शिक्का असतो. १ जानेवारी २०२३ पासून शिक्षण सेवकाचं मानधन प्राथमिकला १६,०००, माध्यमिकला १८,००० आणि उच्च माध्यमिकला २०,००० रुपये आहे. आदेशात "पुढील आदेशापर्यंत" किंवा "शैक्षणिक वर्षापुरते" असे शब्द असतील तर सही करण्यापूर्वी थांबा. पद कायम रिक्त असताना तात्पुरता आदेश घेतलात, तर तीन वर्षांनी तुमच्या हाती काही राहत नाही.

रुजू अहवाल त्याच दिवशी द्या, त्यावर मुख्याध्यापकांची पोच घ्या आणि त्याच दिवसापासून शिक्षक हजेरीपटावर सही करा.

मागच्या तारखेचा आदेश कधीही घेऊ नका. २ मे २०१२ ला शासनाने शिक्षक भरतीवर बंदी आणली, २०१३ ला टीईटी आली, म्हणून या तारखांच्या आधीचे आदेश नंतर बनवण्याचा धंदा फोफावला. तो पकडणं अवघड नसतं. शाळेच्या जावक नोंदवहीत ४७ नंतर ४७-अ असा क्रमांक दोन ओळींमध्ये कोंबलेला असतो, शाई वेगळी असते, आणि त्या वर्षीच्या हजेरीपटात तुमचं नाव शेवटी चिकटवलेलं असतं. संचमान्यतेच्या जुन्या प्रतीत तर तुम्ही नसताच. चौकशीत संस्थाचालकाइतकाच शिक्षकही आरोपी होतो.

७. वैयक्तिक मान्यतेचा प्रस्ताव

पहिली ते आठवीच्या प्राथमिक शाळेची फाईल शिक्षणाधिकारी (प्राथमिक) यांच्याकडे, हायस्कूलची शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांच्याकडे, कनिष्ठ महाविद्यालयाची विभागीय उपसंचालकांकडे जाते. विदर्भात उपसंचालक नागपूर आणि अमरावती असे दोन. सिरोंच्याहून गडचिरोलीच दोनशे किलोमीटरच्या वर पडतं, नागपूर त्याहून पुढे, म्हणून एका कागदासाठी परत यावं लागू नये अशी तयारी करून निघा. तीन संच बनवा. एक कार्यालयाला, एक शाळेला आणि एक तुमच्या घरी.

फाईलमध्ये साधारण हे कागद लागतात:

– मुख्याध्यापकांचं अग्रेषण पत्र आणि विहित नमुन्यातला प्रस्ताव
– अल्पसंख्याक दर्जाचा दाखला, पी.टी.आर. उतारा
– शाळेचं मान्यता व अनुदानाचं पत्र, चालू संचमान्यता
– पद रिक्त कसं झालं त्याचा पुरावा (सेवानिवृत्ती आदेश, राजीनामा, मृत्यू दाखला)
– परवानगी मागणारं पत्र व स्मरणपत्र, पोचेसह
– जाहिरातीचं पूर्ण पान, गुणतक्ता, शाळा समितीचा ठराव
– अनुसूची 'ड' चा आदेश, रुजू अहवाल
– दहावीपासूनच्या सगळ्या गुणपत्रिका, डी.एड./बी.एड., टीईटी
– शाळा सोडल्याचा दाखला, आधार, पॅन, वैद्यकीय दाखला
– शाळेची सेवाज्येष्ठता यादी आणि हजेरीपटाची प्रत

प्रस्ताव आवक शाखेत द्या, थेट टेबलावर नको. आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का असलेली प्रत हीच तुमची पावती. "साहेबांकडे ठेवली आहे फाईल" याला काही किंमत नाही.

लग्नानंतर नाव बदललेल्या शिक्षिकांनी राजपत्र किंवा विवाह नोंदणी दाखला सुरुवातीलाच जोडावा. सगळ्यात जास्त त्रुटीपत्रं यावरूनच निघतात, आणि ही त्रुटी सहज टळणारी आहे.

८. त्रुटीपत्र आलं, नकार आला तर

त्रुटीपत्राला मुद्दा क्रमांक घालून उत्तर द्या, ते मुख्याध्यापकांच्या सहीने जाऊ द्या आणि पोच घ्या. तोंडी सांगितलेल्या त्रुटीला उत्तर देता येत नाही, ती लेखी मागा.

नकार आला म्हणजे नोकरी गेली, असं नाही. सेंट उलाई हायस्कूल प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सांगितलं की शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता ही नेमणूक वैध असण्याची अट नाही, तिचा संबंध अनुदानाशी आहे. संस्थेला हे माहीत असतं, पण "मान्यता नाही, उद्यापासून येऊ नका" असं तोंडी सांगून ती मोकळी होते. तोंडी काढलं तर त्याच दिवशी रजिस्टर पोस्टाने "मी कामावर हजर आहे, मला सही करू दिली जात नाही" असं पत्र संस्थेला आणि शिक्षणाधिकाऱ्यांना पाठवा. सेवासमाप्तीविरुद्ध एमईपीएसच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील करायला तीस दिवस असतात. विदर्भात नागपूर आणि अमरावतीला न्यायाधिकरणं आहेत, तुमचा जिल्हा कुठे येतो ते विचारून घ्या. ही मुदत समजुतीच्या बैठकांमध्ये निघून जाते, म्हणून बैठका चालू द्या पण अपील दाखल करा. अल्पसंख्याक दर्जाची ढाल इथे संस्थेच्या कामी येत नाही, कारण सूट भरतीला आहे, काढून टाकायला नाही.

मान्यता नाकारल्याचा आदेश मात्र वेगळा. त्याला आव्हान उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिकेने. संस्था आणि शिक्षक दोघांनी मिळून गेलं तर बाजू भक्कम होते.

९. शालार्थ आयडी

मान्यता मिळाली की पगार सुरू, असं नाही. शासनाच्या ऑनलाइन पगाराच्या शालार्थ प्रणालीत नाव येण्यासाठी आयडी लागतो आणि त्याचा प्रस्ताव शिक्षणाधिकाऱ्यांमार्फत उपसंचालक कार्यालयात जातो. २०२५ मध्ये नागपूर विभागात बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण उघडकीस आलं, अधिकाऱ्यांपासून शिक्षकांपर्यंत अटका झाल्या आणि तेव्हापासून प्रत्येक कागद दोनदा तपासला जातो. प्रामाणिक माणसाला उशीर होतो, पण त्याला इलाज नाही. नियुक्ती आदेश, रुजू अहवाल, मान्यता आदेश आणि शालार्थ आयडीचा आदेश हे चार कागद एकमेकांशी जुळायला हवेत. मान्यता आदेशाचा जावक क्रमांक शिक्षणाधिकारी कार्यालयाच्या नोंदवहीत खरोखर आहे का, हे माहितीच्या अधिकारात विचारून लेखी उत्तर जपून ठेवा. आदेश तुमच्या हातात दुसऱ्याने आणून दिला असेल तर हे कराच.

आयडी आल्यावर वेतन पथकाकडे (शाळांची पगारबिलं मंजूर करणारं कार्यालय) पहिलं बिल जातं. मान्यतेच्या तारखेपासून साठलेलं मानधन थकीत बिलात वेगळं मागावं लागतं, ते आपोआप मिळत नाही.

१०. तीन वर्षांनंतर

शिक्षण सेवकाचा कालावधी संपायच्या दोन महिने आधी नियमित वेतनश्रेणीच्या प्रस्तावाची आठवण मुख्याध्यापकांना लेखी द्या. काम असमाधानकारक असल्याचं संस्थेला म्हणायचं असेल तर तिने ते कालावधीतच, गोपनीय अहवाल आणि लेखी सूचना देऊन म्हणायला हवं. सातव्या वेतन आयोगात प्राथमिक शिक्षकाची सुरुवात २९,२०० रुपयांनी आणि माध्यमिकला बी.एड. शिक्षकाची ३८,६०० रुपयांनी होते.

सेवापुस्तक याच वेळी उघडलं जातं. मूळ प्रत शाळेत राहते, दुय्यम प्रत मागून घ्या. पहिल्या पानावरची जन्मतारीख, नावाचं स्पेलिंग आणि रुजू दिनांक स्वतः वाचूनच सही करा. १ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर लागलेल्यांना जुनी पेन्शन लागू नसल्याने राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेचा प्राण क्रमांक (त्या योजनेतला तुमचा कायमचा खाते क्रमांक) काढून घ्या, आणि पगारातून कपात झालेली रक्कम त्या खात्यात जमा दिसते का, हे पहिल्या तीन महिन्यांत तपासा. कपात होते पण जमा होत नाही, अशी तक्रार वेतन पथकाकडे लगेच केली तरच ती पटकन सुटते.